प्रतिवादी क्रमांक चार

जाहिरातीत लिहिलं होतं : रसायनशास्त्राची पदवी,
पाणी तपासण्याचा किमान तीन वर्षांचा अनुभव.
माझ्याकडे सात वर्षांचा होता. भोसरीतल्या पत्र्याच्या शेडमधला,
जिथे सही करायचा आकडा एक
आणि हातात पडायचा तो वेगळाच.

यादी लागली महापालिकेच्या जिन्याजवळ,
फुटक्या काचेमागे.
निखिलेश ढमढेरे. निवड.
वैजयंता सोमवंशी. प्रतीक्षा, क्रमांक एक.

ढमढेरे वाणिज्य शाखेचा, हे माहिती अधिकारात कळलं.
दहा रुपयांचं तिकीट आणि बावन्न दिवस.
अनुभवाचा दाखला ज्या प्रयोगशाळेचा
ती त्याच्या अनुभवानंतर दीड वर्षाने सुरू झालेली.
मला हसूच आलं.
झेरॉक्सवाला म्हणाला, ताई, दोन प्रती काढू?
म्हटलं, सहा काढ.

शिरीन इनामदारांनी फी हप्त्याने घेतली.
शिवाजीनगर कोर्टाजवळ, गॅरेजच्या वर त्यांचं ऑफिस;
टेबलाखालीही फायली, पाय आखडून बसायचं.
म्हणाल्या, "राग शपथपत्रात लिहायचा नसतो.
तारखा लिही."
तारखा लिहिल्या.
शासन एक, आयुक्त दोन, निवड समिती तीन,
आणि तो चार.
माणसाला क्रमांक दिला की भांडण सोपं जातं.

मग नुसत्या तारखाच.
वकीलबाई पहाटे मुंबईला निघायच्या
आणि दुपारी फोन : बोर्डावर आली नाही.
समोरच्यांनी मुदत मागितली.
एकदा तर, अगं आज सुट्टी होती, विसरलेच.

चार वर्षं.
चार वर्षं पर्वतीच्या पाण्याच्या अहवालाखाली त्याची सही :
पिण्यास योग्य.
रोज सकाळी मी नळाखालचा पेला खिडकीशी धरायचे.
पाणी चांगलंच असायचं, खरं सांगायचं तर.
एकदा तरी गढूळ यावं,
शेजारच्या दोन-चार घरांत पोटं बिघडावीत,
असं वाटायचं, हेही खरं.
याचिकेच्या कुठल्याच परिच्छेदात हे नाही.

एकदा तो भेटला टिळक रोडवर, मुलीला दप्तर घेताना.
मी ओळख दाखवली नाही. त्यानेच दाखवली.
"मॅडम, आता येतं मला. क्लोरीन, गढूळपणा, सगळं.
लोंढे मॅडमनी शिकवलं. त्या कंत्राटावर आहेत."
मुलगी दप्तराची चेन उघडत होती, लावत होती.
लोंढे मॅडम. एम.एस्सी., मागाहून कळलं.
त्यांना आमच्या याचिकेत क्रमांकच नव्हता.

निकाल अठरा पानांचा आला.
अर्हता अर्जाच्या शेवटच्या दिवशी असावी लागते,
नंतर शिकलेलं मोजत नाहीत.
नियुक्ती रद्द.
पान सोळा : प्रतीक्षायादीची मुदत तीन वर्षांपूर्वीच संपली,
सबब याचिकाकर्तीबाबत आदेश नाही.
पद नव्याने भरावे.

आईने अर्धा किलो पेढे आणले,
जिन्यातल्या सगळ्यांना वाटले.
पान सोळा मी तिला वाचून दाखवलं नाही.

नव्या जाहिरातीत वयोमर्यादा अडतीस.
मला एकोणचाळीस पूर्ण, वर दोन महिने.
कोर्टात गेलेला काळ वगळा, असं मागता येईल म्हणे.
इनामदारबाई फाईल उघडून बसल्या होत्या,
मी म्हटलं, बघू.

घरी येऊन लोंढ्यांना फोन लावला.
आवाज घाबरलेला. वय छत्तीस.
फॉर्म भरा, म्हटलं.
"भरला असता हो, पण अनुभवाचा दाखला?
नऊ वर्षं झाली, कंत्राटदार देत नाही.
म्हणतो, तुम्ही इथे होता याचा पुरावा काय?"
मागे कुठेतरी नळ वाहत होता त्यांच्याकडे.
नळ बंद करा आधी, म्हटलं, आणि कागद घ्या.
घेतलात?
वर उजव्या कोपऱ्यात थोडी जागा सोडा.
दहा रुपयांचं तिकीट लागतं.